दुसरा कंट्रोलर

घड्याळं दुरुस्त करणारा दादा हल्ली चहा प्यायल्याचंही विसरायचा. लहानपणी दोघं खेळायचे तो गेम तरी आठवेल, म्हणून धाकट्या भावाने माळ्यावरचा जुना कन्सोल काढला. तो गेम डाउनलोड करायचं ऑनलाइन दुकान महिनाअखेरीस कायमचं बंद होणार होतं. मशीन गोगलगायीच्या चालीने चालत होतं. जागा पुरेना, तेव्हा धाकट्याने स्वतःचे सगळे गेम पुसले. तिसऱ्या दिवशी एकदाचं इन्स्टॉल झालं.

दोघं शेजारी बसले. दादाची बोटं सराईतासारखी फिरू लागली. पहिली लेव्हल पार झाली. धाकट्याचे डोळे भरून आले.

"मस्त खेळता हो तुम्ही," दादा म्हणाला. 

दादाच पुढे म्हणाला, "पण माझा धाकटा भाऊ आला की उठा हं, त्याच्याशिवाय मी खेळत नाही."