कावळ्याचा उशीर

कावळा लगेच पिंडाला शिवला असता, तर यदुनाथच्या लाइव्हला फार तर दोनशे माणसं मिळाली असती. अर्धा तास खोळंबला, तर चार हजार झाली.

बापाच्या दहाव्याला माझा हा पुतण्या घाटावर एका हातात मोबाइल धरून, दुसऱ्या हातानं उपरण्याचा वारा घेत उभा होता. "वहिनी, दादाचं काहीतरी राहिलंय," मीच म्हणालो. "आठवा बरं."

वहिनी पिंडासमोर हात जोडून रडल्या. "शेवटच्या दिवशी गोड चहा मागितलात हो! शुगर वाढेल म्हणून मी दिला नाही. चुकले मी."

"आई, इकडे बघून बोल," यदुनाथ म्हणाला. आकडा चार हजारांवरून अकरा हजारांवर गेला. मग त्यानं उपरणं खांद्यावर टाकलं आणि कावळा शिवला.

मला शंका आलीच. घरी रेकॉर्डिंग पाहिलं, तर कावळा आधी तीनदा आला होता आणि तिन्ही वेळा उपरण्यानं त्याला हाकललं होतं.

"काका, शेवटी शिवला ना?" यदुनाथ हसला.

वहिनींना मी सांगितलं नाही. मुलगा एकुलता एक आहे. त्या दिवसापासून त्या बिनसाखरेचा चहा पितात. त्यांना मधुमेह नाही.