तिसरा धनुर्धारी

जेवताना फोनमध्ये डोकं खुपसूनच तो बायकोला समजावत होता, "या खेळात लढाई आपोआप होते गं, आपण फक्त मोहरे मांडायचे. तीन सारखे जमले की एक महाबली होतो. जिंकायचं तर दर फेरीला समोरच्याच्या पटावर डोकावायचं."

"मग रोज हरतोस कसा?"

"आमच्या गटात 'मुंगूस' नावाचा कोणीतरी घुसलाय. मला हवा असलेला तिसरा धनुर्धारी आधीच घेऊन अडवून बसतो. स्वतः वापरतही नाही, नालायक! सारखं त्याच्याकडेच बघत बसावं लागतं."

तिने स्वतःच्या मांडीवरच्या फोनवर बोट टेकवलं. त्याच्या पडद्यावर मुंगसाकडचा धनुर्धारी नाहीसा झाला.

त्याचा घास हातातच राहिला. "तू? अगं, पण कशाला?"

"दर फेरीला बघतोस ना माझ्याकडे, म्हणून."