पहिल्या पानावरचा चोर

"बाई, ह्यात पण लिवलंय. मला नको."

रोडपालीहून आलेल्या दिपिकाने रहस्यमालेचा अकरावा भाग टेबलावर ठेवला नि रिकाम्या हाताने वाचनालयाच्या पायऱ्या उतरली. या पुस्तकासाठी पोरीने महिनाभर नंबर लावला होता. कुमुदताईंनी पहिलं पान उघडलं. निळ्या बॉलपेनने ठसठशीत लिहिलेलं: चोर डॉक्टर आहे.

आधी पेन्सिल असायची, तेव्हा निदान खोडता तरी यायचं. खोडून खोडून अंगठा दुखायला लागला, आणि आता मेल्याने पेन धरलं! मुलं नेत नसतील तर मालेचे पुढचे भाग घ्यायचे नाहीत, असं कमिटीने कालच बजावलं होतं. वीस वर्षं कपाटं पुसली ती हे बघायला का? कुमुदताईंना अगदी नको नको झालं.

सातला पाच मिनिटं असताना कमलाकर परांजपे आले. खांद्याला ऑफिसची बॅग, हातात मुलाचं कार्ड. त्यांनी बारावा भाग परत केला. ताईंनी सवयीने पहिलं पान पाहिलं. चोर माळी आहे. अक्षर तेच, निळं बॉलपेन तेच, आणि हा नवा भाग त्यांच्याआधी कोणीच नेला नव्हता.

"म्हणजे तुम्ही?"

"राजससाठी हो," परांजपे जराही ओशाळले नाहीत. "सातवीत आहे. पुस्तक हातात पडलं की जेवणखाण विसरायचा. चोर आधीच कळला की मजा संपली, गप अभ्यासाला बसतो. आता तर हातही लावत नाही."

"हातही लावत नाही? मग दर शनिवारी पुस्तक कोणासाठी नेता?"

परांजपे उगाच कपाटाकडे बघू लागले. मग हळूच म्हणाले, "तेरावा आलाय का?"

भांडायचं त्राण ताईंच्यात उरलं नव्हतं. त्या उठल्या, कपाटातून कोरा करकरीत तेरावा भाग काढला. एकाही पोराचा हात अजून त्याला लागला नव्हता. परांजप्यांच्या खिशातलं पेन त्यांनी न विचारताच उचललं, पहिलं पान उघडलं आणि लिहायला लागल्या: चोर...

"अहो ताई, नको!" परांजप्यांनी दोन्ही तळहात पानावर दाबले. "नका ना लिहू. मी अजून वाचलं नाहीये."