ऐकेल त्याचा माईक

‘उलटी बातमी’ या टवाळ चर्चेला वृत्तनिवेदक दिगंबर खासनीस पाहुणे म्हणून आले, तेव्हा त्यांचा माईक बंदच होता. नव्या कायद्याचे माईक असेच. माणसाने आयुष्यात दुसऱ्याचं जेवढं शेवटपर्यंत ऐकून घेतलं असेल, तेवढंच ते त्याला बोलू देतात.

“दिगंबरराव, तुमच्या वाट्याला एकच वाक्य निघालंय,” सूत्रसंचालक शालनबाई वावीकर म्हणाल्या. “जपून वापरा हं.”

प्रेक्षक फिदीफिदी हसले. यंत्राने रचलेल्या एका चित्रफितीत खासनीस पूरग्रस्तांची टिंगल करताना दिसत होते आणि त्यांची नोकरी जायच्या बेतात होती. ‘ती फीत खोटी आहे’ एवढं म्हटलं, की सुटले.

शालनबाई पूर्वी शिक्षिका होत्या. त्यांच्याही अशाच एका खोट्या फितीवरून खासनीसांनी त्यांना चर्चेला बोलावलं, आणि बाईंनी तोंड उघडताच जाहिराती लावल्या. बाईंची शाळा कायमची सुटली ती तेव्हाच.

माईकचा दिवा हिरवा झाला. खासनीसांनी टाय सारखा केला, कॅमेऱ्यात पाहिलं, आणि तोंडातून सवयीनेच निघालं, “नमस्कार, मी दिगंबर खासनीस, आपण पाहताय सर्वांच्या पुढे असलेली एकमेव वृत्तवाहिनी!”

दिवा लाल झाला.

“बाई, तुम्ही जन्मभर पोरांचं ऐकलंय,” शेजारचा नकलाकार हसू दाबत म्हणाला. “द्या ना तुमच्यातलं एखादं वाक्य.”

खासनीसांनी हात जोडले. ओठ नुसतेच हलत होते.

शालनबाईंनी खुर्ची पुढे ओढली आणि हनुवटीला तळहात लावला.

“कशाला?” त्या म्हणाल्या. “मी ऐकतेय की. बोला तुम्ही.”