भिंतीवरचा मिलूद

"फोटो मांडीवर धरा मावशी, आणि म्हणा, हा माझा नवरा मिलूद," दिग्दर्शिका सुकैना म्हणाली.

यामना मावशीने भिंतीवरची तसबीर उतरवली, ओढणीच्या टोकाने पुसली. कॅमेऱ्याशेजारी निवेदक अब्दस्लाम बसला होता. तसबिरीत त्याला स्वतःचाच चेहरा दिसला, पंचवीस वर्षांपूर्वीचा, कोळशाने माखलेला.

खाणीच्या संपात गोळी लागून गेलेल्या मिलूदवर सिनेमा निघाला, तेव्हा त्यात मिलूद तोच झाला होता. त्याचं सगळं नटपण असंच गेलं. इतरांच्या वाट्याला नवरदेव यायचे, याच्या वाट्याला मयत. संपकरी, कैदी, बुडालेला कोळी. पडद्यावर तो अकरा वेळा मेला. आता गुडघे गेले, तर टीव्हीच्या माहितीपटांत दुसऱ्यांच्या मरणाची हकिगत सांगत गावोगाव हिंडायचा. फार थकला होता बिचारा.

पांढऱ्या दाढीमागचा चेहरा सुकैनाला ओळखू येणं शक्य नव्हतं. गप्प बसावं, तर देशभर खोटा मिलूद दिसणार. बोलावं, तर म्हातारीची भिंत रिकामी होणार.

मावशीची लेक रब्हा चहा घेऊन आली. त्याने हळूच विचारलं, "खरा फोटो कुठाय?"

"झडतीत पोलिसांनी सगळे नेले. तुमच्या सिनेमावाल्यांनी हा दिला, तो लावला. माझी पोरं शाळेत जाताना ह्यालाच सलाम करतात. आता मोडता घालू नका, अब्दस्लामसाहेब."

त्याने चहा तसाच खाली ठेवला.

"सुकैना, थांबव. फोटोतला माणूस मी आहे."

सुकैनाने हात वर करून कॅमेरा थांबवला. रब्हाने कपाळाला हात लावला. मावशी मात्र शांत होती.

"मला काय ठाऊक नाही होय? मिलूदचे कान केवढे! टोपी घातली की कानांवर अडकायची. हे काय कान झाले?"

सगळे हसले. तीही हसली. मग काचेवरून बोट फिरवत राहिली.

"पण आता डोळे मिटले की हाच येतो. त्याचे कान तेवढे उरलेत माझ्यापाशी."

अब्दस्लामला मान वर करवेना. "माफ करा, मावशी."

"तुझा काय दोष, पोरा?" तिने त्याच्या हातावर थोपटलं. "किती छान मेलास तू. माझा मिलूद नुसताच मेला."