ब्रेकची क्लिप

ब्रेकचं पेडल मांडीवर घेऊन ग्रोझ्दान द्राक्षाच्या मांडवाखाली बसला होता. सकाळीच त्याने ते गाडीतून काढलं होतं. आतली बुशची नळी झिजलीय, पेडल कुरकुरतंय, एवढ्या लांबच्या रस्त्याला हे असं चालायचं नाही, असं त्याने नातीला सांगितलं होतं आणि त्यात खोटं काहीच नव्हतं. नवा बुश बसवून झाला, ग्रीस लावून झालं, तरी तो फडक्याने पेडल पुसतच होता. पानांतून उतरलेलं ऊन त्याच्या हातांवर हलत होतं. दुपार अशी सुस्त पसरली होती की आज कुणी कुठे जाणार आहे हे खरंच वाटू नये.

जाणार होती इस्क्रा. समुद्राकाठच्या बुर्गासला, इस्पितळातल्या नोकरीवर, उद्या सकाळी हजर व्हायचं होतं. गाडी आजोबाची होती, आता तिची झाली होती. मागच्या सीटवर आजीने भाजलेल्या मिरच्यांच्या बरण्या दुलईत गुंडाळून ठेवल्या होत्या. नात शिकली याचा ग्रोझ्दानला केवढा अभिमान. पण शिकली म्हणून ती जाणार, हे मात्र त्याच्या घशाखाली उतरत नव्हतं.

पेडल परत अडकवायला एक खीळ लागते, आणि ती खीळ निसटू नये म्हणून नखाएवढी क्लिप. ती क्लिपच सापडत नव्हती. इस्क्राने गाडीतली सतरंजी झटकली, व्हेलिका आजीने सगळं अंगण झाडून काढलं. चोराच्या मनात चांदणं, म्हणून सगळ्यात जास्त शोधाशोध म्हाताऱ्याने केली. कोंबड्यांच्या खुराड्यातसुद्धा पाहून आला.

काखेत कळसा नि गावाला वळसा म्हणतात, तसंच होतं ते. उंबऱ्यावर तांब्याचं भांडं सकाळपासून भरून ठेवलेलं होतं, पाण्यात जिरेनियमची डहाळी. घरातून कुणी निघालं की त्याच्या पाठीमागे ते पाणी ओतायचं, म्हणजे पुढची वाट पाण्यासारखी सरळ जाते. व्हेलिका आत वळली तेव्हा ग्रोझ्दानने क्लिप हळूच त्या पाण्यात सोडून दिली होती. त्याचा हिशेब साधा होता. क्लिप नाही तर गाडी नाही, गाडी नाही तर जाणं नाही, आणि कुणी जाणारच नसेल तर त्या भांड्याला हात लावणार कोण?

एखादी तार पिळून बांधू का, असं इस्क्राने विचारलं.

"तार कुंपणाला बांधतात," तो म्हणाला. "ब्रेकला नाही."

सुट्या भागांचं दुकान उद्या उघडेल, दोन दिवस उशीर झाला तर इस्पितळ काही पळून जात नाही, असंही त्याने समजावलं. इस्क्रा ऐकून घेत होती. मग तिने मांडवाबाहेर येऊन उन्हाकडे पाहिलं, हात धुतले आणि गाडीतून आपली पिशवी काढून खांद्याला लावली. चौकातून बस सुटते, ती पकडते म्हणाली. बरण्या मागाहून पाठवा.

बस म्हणजे बाजारहाटाला जाणाऱ्या म्हाताऱ्यांची, एवढंच ग्रोझ्दानच्या डोक्यात होतं. इस्क्रा तिने निघून जाईल हे त्याला सुचलंच नव्हतं. व्हेलिकाने एप्रनला डोळे पुसले आणि भांडं उचललं.

"दे इकडे, मी ओततो," तो धडपडत उठला.

"तू? जन्मात कधी ओतलंयस?" तिने त्याला कोपराने बाजूला सारलं. इस्क्रा फाटकापर्यंत पोचली तशी आजीने भांडं कलतं केलं. पाणी लखकन दगडावरून धावलं, त्यामागे डहाळी गेली, आणि शेवटी काहीतरी टिणकन वाजत घरंगळलं ते इस्क्राच्या टाचेपाशी जाऊन थांबलं.

तिघंही त्या क्लिपकडे बघत राहिले.

"तरी म्हटलं," व्हेलिका म्हणाली, "आज पाणी जड का लागतंय."

म्हाताऱ्याचे कान लाल झाले. पायांकडे बघत तो म्हणाला, "वाटलं, नाही सापडली तर राहशील."

इस्क्राने पिशवी खाली ठेवली. ती रागावेल असं त्याला वाटलं होतं. तिने क्लिप उचलली, स्कर्टला पुसली आणि त्याच्या तळहातावर ठेवून त्याची बोटं एकेक करून मिटली. गल्लीच्या टोकाशी बसचा भोंगा वाजला आणि लांब गेला. कुणी तिकडे पाहिलं नाही.

"बसव, आजोबा. घट्ट बसव."

मग ग्रोझ्दान गाडीत उताणा शिरला. पाय दाराबाहेर, डोकं स्टिअरिंगखालच्या अंधारात. पेडल जागेवर बसलं, स्प्रिंग ताणली गेली, खीळ आत सरकली, आणि ओली क्लिप तिच्यावर बसली. त्याने ओढून पाहिली, परत ओढून पाहिली. काम चोख झालं होतं. ते बिघडवणं त्याच्या हातांना जमलं नसतं.

"मागे जाऊन बघ," तो आतून म्हणाला. "ब्रेकचा दिवा लागतो का?"

त्याने हाताने पेडल दाबलं. कानाशी टक्क वाजलं. दिवा लागला की ही गाडी असंच वाजते, हे त्याला आपल्या श्वासाइतकं ठाऊक होतं.

"नाही लागला," मागून इस्क्रा म्हणाली. तिचा आवाज जरा ओला होता. "परत दाब."

व्हेलिका पुन्हा भरलेलं भांडं घेऊन उंबऱ्यावर उभी होती. मांडवाच्या सावलीत, गाडीमागची चुन्याची भिंत दर टक्कला लाल होत होती आणि विझत होती. ते बघून तिने भांडं हळूच खाली ठेवलं.

"आता?" ग्रोझ्दानने विचारलं.

"अजून नाही, आजोबा."

टक्क. त्याने परत दाबलं.