नळात हवा

नळ आधी खाकरला, मग त्याने एक लांब उसासा टाकला आणि गप्प झाला. थेंब नाही.

पार्लरवालीने तो बंद करून पुन्हा उघडला. पुन्हा उसासा. समोर बेसिनवर मान टाकून, डोळे मिटून मुख्याध्यापिका बसल्या होत्या. डोक्याला ब्लीच. धुवायची वेळ टळून चालली होती.

"चुरचुरतंय हं," बाई म्हणाल्या.

"थोडं चुरचुरतंच मॅडम. म्हणजे नीट लागलंय."

शाळेतल्या बाकीच्या बाया आधी हे डोकं बघणार होत्या आणि मगच आपापली डोकी इथे आणायची की नाही ते ठरवणार होत्या. बाईंनी आजवर कुणाची एकही चूक पोटात घातलेली नव्हती.

ती खिडकीशी गेली. गच्चीवर नवरा होता. सकाळीच उरकतो म्हणून त्याने टाकी धुवायला काढली होती.

"अहो, पाणी येत नाहीये," ती दबक्या आवाजात म्हणाली.

"पाइपात हवा धरलीय. टाकी धुऊन पुन्हा गच्च भरलीय, काळजी नको. नळाला तोंड लावून ओढ जरा."

"त्यापेक्षा बादलीने खाली आणा ना."

"अगं, बादलीने काय होणार? मूळ दुखणं नको का काढायला?"

मूळ दुखणं काढण्यात त्याचा हात धरणारा कुणी नव्हता. ती आत वळली.

मोरीत चार बादल्या काठोकाठ भरलेल्या होत्या. दारात सासूबाई भाजी निवडत बसल्या होत्या.

"काल तो टाकी धुतो म्हणाला, तेव्हाच भरून ठेवल्या," त्या म्हणाल्या. "मुलगा माझा आहे."

"आई, एक बादली हवी होती."

सासूबाईंचे हात थांबले नाहीत. "पुढच्या खोलीला शिंपी विचारून गेलाय. एक तारखेपासून भाड्याने घेतो म्हणाला."

"माहीत आहे."

"तुझं पार्लर चालत असतं तर मी त्याला उभं तरी केलं असतं का?"

बाहेरून बाईंचा आवाज आला, "अगं, आता आग होतेय."

ती बादलीकडे वाकली.

"ते हात लावू नकोस माझ्या बादल्यांना."

हातमोजे ब्लीचने माखलेले होते, हे खरं. पण सासूबाई हातमोज्यांना बोलल्या की सुनेला, ते कळायला मार्ग नव्हता.

ती रिकाम्या हाताने बाहेर आली. हातमोजे उतरवले. बाईंचे डोळे मिटलेलेच आहेत हे पाहून घेतलं, खाली वाकली आणि नळाला तोंड लावून जीव खाऊन ओढलं. तोंडात वारा आला आणि गंज आला. तिने पुन्हा ओढलं. डोळ्यांपुढे काजवे चमकले.

मागे बादलीची कडी वाजली.

सासूबाईंनी बादली टेकवली, पदर खोचला, पाण्यात कोपर बुडवून पाहिलं. ही खोली पार्लर झाल्यापासून त्यांनी उंबरा ओलांडलेला नव्हता. सुनेला कोपराने बाजूला सारून त्यांनी पहिला तांब्या ओतला. पांढरा फेस बेसिनमध्ये उतरला. मग तांब्यामागून तांब्या, कानामागे, मानेखाली, बोटांनी केस सोडवत. बादली संपत आली तशी सून धावत जाऊन दुसरी घेऊन आली. टाळू लाल झाली होती, पण फोड नव्हता.

एवढ्यात नळ खोकला, लालसर गुळणी थुंकला आणि धो धो वाहू लागला.

"आलं का?" गच्चीवरून विचारणा झाली.

"हात छान आहे हं," मुख्याध्यापिका डोळे न उघडताच म्हणाल्या. "मदतीला नवी मुलगी ठेवलीस वाटतं?"

सुनेने नळ बंद केला.

सासूबाईंनी टॉवेलच्या टोकाने बाईंच्या कपाळावरचा ओघळ टिपला.

"आजच लागलेय," त्या म्हणाल्या.